मदतीचा आकडा

सांगलीच्या बाजारपेठेत जयकुमार मगदूम यांचं नाव निघालं, की जुने व्यापारी आजही आपल्या काट्याकडे एकदा बघून घेतात. चौतीस वर्षं ते वैधमापन खात्यात निरीक्षक होते. हळदीच्या अडत्यापासून पेट्रोलपंपापर्यंत सगळ्यांची वजनं-मापं तपासायची, बरोबर निघाली तर शिक्का मारायचा, चुकीची निघाली तर उचलून न्यायची, एवढंच त्यांना येत होतं आणि ते त्यांनी चोख केलं. सख्ख्या साडूच्या दुकानातला काटा वीस ग्रॅमने हलका निघाला, तेव्हा त्यांनी आधी साडूकडचा चहा संपवला आणि मग काटा जप्त केला. साडूने पुढे चार वर्षं त्यांच्या घरची पायरी चढली नाही. "चहा तरी प्यायचा न्हाई," एवढंच त्यांची बायको त्रिशला त्यावर म्हणाली होती.

असा हा माणूस निवृत्तीनंतर तिसऱ्या वर्षी खोट्या मापाच्या नादी लागला, आणि तेही स्वतःच्या घरात, स्वतःच्या बायकोच्या बाबतीत. कुंपणानेच शेत खाल्लं म्हणतात, ते याहून वेगळं काय असतं?

त्रिशलाला मेंदूचा झटका आला तेव्हा ती ब्लाउजचं कापड बेतत होती. गावभागात तिच्या कटिंगला नाव होतं. माप एकदा घेतलं की पुन्हा टेप लावायची नाही, आणि बाही जिथे बसते तो मुंढा कधी चुकायचा नाही. त्या दिवशी कात्री हातातून निसटून फरशीवर पडली आणि ती तिला उचलता आली नाही. पुढे पाय महिनाभरात आला. जीभ अडखळत अडखळत वळणावर आली आणि मग पहिल्यासारखीच तिखट झाली. उजवा हात मात्र खांद्याला टांगून ठेवल्यासारखा राहिला.

तिला सगळ्यात जास्त राग यायचा तो भरवून घेण्याचा. जैनांचं घर, दिवस मावळायच्या आत जेवायची रीत. साडेपाचला जयकुमार ताट घेऊन तिच्यासमोर बसत आणि सूर्याशी शर्यत लावल्यासारखे घास पुढे करत.

"घास हाय का ढेकूळ?" ती म्हणायची. "जरा बारीक करा की."

"मग डाव्या हातानं खा."

"डाव्या हातानं मी जेवणार न्हाई. उजवा येईल तेव्हा उजव्यानं जेवीन. तोवर तुम्ही नीट भरवा."

उजवा येईल, असं ती म्हणत होती त्याला कारण होतं. मिरजेच्या एका पुनर्वसन केंद्रात नवा उपचार सुरू झाला होता आणि पहिल्या तीनशे पेशंटांत तिचं नाव लागलं होतं. तिथल्या डॉक्टर रेहाना मुजावर पस्तिशीच्या, मोजकं बोलणाऱ्या. त्यांनी दोघांना समोर बसवून सगळं समजावलं.

"लहान मूल किती पटकन शिकतं, बघता ना तुम्ही? त्याचा मेंदू मऊ असतो. मोठेपणी मेंदूतल्या पेशींभोवती एक बारीक जाळी घट्ट होते. शिकलेलं टिकून राहायला ती लागतेच, पण तिच्यामुळे नवी जोडणी होत नाही. आमचं इंजेक्शन ती जाळी शंभर दिवस सैल करतं. शंभर दिवसांनी ती परत आवळते."

"मग परत घ्यायचं इंजेक्शन," त्रिशला म्हणाली.

"नाही मावशी. ते एकदाच. दुसऱ्यांदा दिलं त्यांना फिट्स आल्या. जे काय करायचं ते शंभर दिवसांत."

"आणि काय करायचं?"

"खेळायचं. रोज दोन तास."

त्रिशलाने नवऱ्याकडे असं बघितलं, की हे तुम्हीच यांना सांगितलंत काय.

खेळ संगणकावरचा होता. एक पट्टी डोक्याला बांधायची आणि एक मोजा उजव्या हातात घालायचा. मनात 'हात उचलायचाय' असं आलं, की मेंदूत जी हालचाल होते ती पट्टी ओळखायची. हाताला निरोप पोचायचा, पण फार क्षीण. त्या निरोपाने हात जेवढा हलेल तेवढा हलायचा आणि उरलेलं काम मोज्यातल्या बारीक मोटारी करायच्या. मोटारींनी किती करायचं, त्याचा आकडा शून्य ते दहा. तो आकडा खेळ स्वतःच रोज बदलायचा. निरोप जोरकस होईल तसा कमी करायचा, आणि तोही अशा बेताने, की दहांतले तीन-चार डाव हुकलेच पाहिजेत.

"हुकलेच पाहिजेत?" जयकुमारांनी विचारलं होतं.

"हो काका. हात कुठं जायला हवा होता आणि कुठं गेला, यातला फरक दिसला की मेंदू तार दुरुस्त करायला घेतो. फरकच दिसला नाही, तर मेंदू म्हणतो, चाललंय की सगळं, आणि बसून राहतो. हुकणं हेच औषध आहे. इंजेक्शन फक्त दार उघडतं."

हे जयकुमारांना तिथल्या कुणाहीपेक्षा चांगलं कळलं. काटा किती ग्रॅमने चुकतो हे कळल्याशिवाय तो दुरुस्त करता येत नाही, ही त्यांच्या चौतीस वर्षांची अक्कल होती. ते जोरजोरात मान हलवत होते. ही गोष्ट लक्षात ठेवायला हवी, कारण पुढे त्यांना 'माहीत नव्हतं' असं म्हणता येणार नव्हतं.

खेळ परदेशी होता. त्यात सफरचंदाची बाग होती, बर्फाचे डोंगर होते, आणि झाडावरची फळं तोडून टोपलीत टाकायची होती. त्रिशला पहिल्याच दिवशी म्हणाली, "हे कुठलं गाव?" पेशंटांच्या घरच्यांचा फोनवर एक गट होता. त्यावर कळलं, की तासगावच्या दोन पोरांनी या खेळासाठी द्राक्षबागेचा मॉड केलाय. मॉड म्हणजे खेळाला वरून लावलेलं ठिगळ. खेळ तोच, हाताच्या हालचाली त्याच, फक्त सफरचंदाच्या जागी मांडवावरचे घड, आणि तोडायला हातात कात्री. ती कात्री बघून त्रिशलाचे डोळे चमकले आणि जयकुमारांनी तो मॉड लावायचं मनावर घेतलं.

त्यासाठी खेळ आपलं सामान कुठे ठेवतो हे शोधावं लागलं. त्यात त्यांच्या दोन दुपारी गेल्या. खेळ एकीकडे असतो आणि आपण केलेली प्रगती दुसरीकडेच, लपवलेल्या फोल्डरमध्ये, हे काही त्यांच्या पचनी पडेना. गटावरच्या लोकांना विचारत विचारत ते एकदाचे तिथे पोचले. तिथे तीन गोष्टी होत्या. एक सेव्ह फाइल: त्रिशला कितव्या पायरीवर आहे, तिचा निरोप किती जोराचा, हे सगळं त्यात. दुसरी सेटिंगची फाइल, साधी वाचता येण्यासारखी, ओळीगणिक एक आकडा. आणि तिसरं मॉडचं फोल्डर. जयकुमारांनी वहीत तिन्हींचे पत्ते लिहून घेतले. जुन्या सवयीने रोजच्या सेव्ह फाइलची एक प्रत तारीख घालून पेनड्राइव्हवर ठेवायलाही सुरुवात केली. मूळ नमुना जपून ठेवल्याशिवाय काट्याला हात लावायचा नाही, हा खात्यातला नियम.

बावीस दिवस त्रिशला बसली. रोज तीन वाजता, दोन तास. बावीस दिवसांत ती तिसऱ्या पायरीवर पोचली. पायऱ्या एकंदर वीस होत्या. घडाखाली कात्री न्यायची, बोटं मिटायची, घड टोपलीत सोडायचा. हात अर्ध्यावर यायचा आणि थरथरत खाली पडायचा. घड मांडवावर तसाच हसत राहायचा. जयकुमार शेजारी खुर्चीवर बसून बघत, आणि घड हुकला की त्यांचाच हात मांडीवरून आपोआप उचलला जाई. ज्या बाईने हजारो ब्लाउज बेतले तिला एक देठ कापता येऊ नये, हे त्यांना बघवत नव्हतं.

तेविसाव्या दिवशी लागोपाठ अकरा घड हुकले. त्रिशलाने दाताने मोजा ओढून काढला आणि भिंतीवर फेकला.

"उद्यापासून मी बसणार न्हाई."

"अगं, हुकलंच पाहिजे असं डॉक्टर म्हणाल्या न्हाईत का?"

"त्यांना काय जातंय म्हणायला? रोज दोन तास मला माझाच हात मेलाय म्हणून दाखवायचा, ही कसली दवा? भीक नको पण कुत्रा आवर."

चोविसाव्या दिवशी ती बसली नाही. पंचविसाव्याही दिवशी नाही. शंभरातले दोन दिवस असेच गेले. डॉक्टर फोनवर बोलल्या, समजावलं, पण त्रिशला भिंतीकडे तोंड करून पडून राहिली. जेवणही तिने चार घासांवर आणलं. जयकुमारांना वाटलं, दार उघडं आहे आणि ही बाई उंबऱ्यातच बसलीय.

त्यांनी गटावर विचारलं, आणि वाशिमहून विजया इंगोले या बाईंचा फोन आला. त्यांचे वडील असेच अंथरुणाला खिळलेले, असाच उपचार चाललेला. बाई शाळेत संगणक शिकवायच्या. त्यांनी स्वतः एक मॉड लिहिला होता, नाव 'फुंकर'.

"भाऊ, तुमी टेन्शन नोका घेऊ. सेटिंगच्या फाइलीत 'किमान मदत' अशी एक ओळ हाय. तिथं सात घाला. मंग खेळ कितीही शहाणपणा करो, मदत साताच्या खाली जात नाही. अन् फुंकर लावला की मोटारीनं केलेलं काम रिपोर्टात हाताच्याच नावावर दिसते. डॉक्टरचा फोन येत नाही. माह्या बाबांनं तीन दिवस खाल्लं नव्हतं. हे लावलं अन् संध्याकाळी भाकर मागतली."

"पण मग हाताला शिकायला..."

"चार-आठ दिवस, भाऊ. मन उभं राहूद्या आधी. मन उभं राह्यलं की काढून टाका."

चार-आठ दिवस. जयकुमारांनी स्वतःला तेवढीच मुदत दिली. दुपारी त्रिशला झोपली असताना त्यांनी फाइल उघडली, शून्याच्या जागी सात घातले, बंद केली. खेळ सुरू करून बघितला तर सातचं परत शून्य. खेळ उघडताना आपली फाइल पुन्हा लिहून काढत होता. विजयाबाईंनी त्यालाही तोड सांगितली: फाइलला कुलूप लावा, नुसती वाचता येईल पण बदलता येणार नाही असं. ते त्यांनी लावलं. शिक्का मारल्यासारखं पक्कं.

सव्विसाव्या दिवशी ते बायकोच्या हातापाया पडले आणि ती दहा मिनिटांच्या बोलीवर बसली. पहिला घड कापला गेला. दुसराही. तिसरा हुकला, चौथा-पाचवा-सहावा टोपलीत. दहा मिनिटांचे सव्वादोन तास झाले. मोजा काढताना त्रिशला घामेजली होती आणि हसत होती. झटक्यानंतर ती पहिल्यांदा हसली.

"बघितलं काय? आला की हो हात!"

"आला," जयकुमार म्हणाले. त्या क्षणी त्यांना खरोखरच आनंद झाला होता, हे सांगितलं पाहिजे. खोटा काटा लावणारा दुकानदार मनातून हसत असेल. हे हसत नव्हते, त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं.

आठव्या दिवशी त्यांनी कबूल केल्याप्रमाणे कुलूप काढलं आणि फुंकरही काढला. त्या दिवशी त्रिशलाचे पहिले नऊ घड हुकले. कारण सेव्ह फाइलच्या लेखी ती आता सातव्या पायरीवर होती, आणि सातव्या पायरीचे घड उंच, देठ बारीक. हात मात्र तिसऱ्या पायरीचाच, आठ दिवस आयता फिरवलेला. खेळाला बिचाऱ्याला यातलं काही ठाऊक नव्हतं.

"मी मागं चाललेय," ती म्हणाली. तिचा आवाज इतका बारीक झाला, की जयकुमारांनी तिथल्या तिथे "मशीन बिघडलंय बहुतेक" म्हणून खेळ बंद केला. दुसऱ्या दिवशी मशीन 'दुरुस्त' झालं होतं.

मग रोज तेच. पेनड्राइव्हवर तेविसाव्या दिवसाची खरी फाइल होती. ती परत घातली की सगळं जागेवर आलं असतं. पण मग त्रिशलाला सातव्याऐवजी तिसरी पायरी दिसली असती, आणि का, ते सांगावं लागलं असतं. उद्या सांगू. उद्या ती नवव्या पायरीवर असायची. परवा दहाव्या. जितकी ती वर चढत होती तितकं तिला खाली उतरवणं अवघड होत होतं, आणि उतरवायला हवं हे ज्याला ठाऊक होतं तोच माणूस रोज तिला आणखी एक पायरी वर चढवत होता.

डॉक्टर मुजावर रिपोर्ट बघून खूश होत्या. ज्यांचे हात मागे पडत होते त्यांना त्या मिरजेला बोलावून जास्तीचे दोन तास द्यायच्या. त्रिशलाला बोलावलंच नाही. पन्नासाव्या दिवसाची तपासणीही घरबसल्या, त्याच मोज्यावर झाली.

"पण घरात काही उचलत न्हाई हो हात अजून," त्रिशलाने एकदा त्यांना फोनवर सांगितलं. जयकुमार शेजारी उभे होते.

"येईल मावशी. आधी खेळात येतो, मग घरात. काही जणांना वेळ लागतो. तुमचे आकडे फार छान आहेत."

हे वाक्य जयकुमारांना बुडत्याला काडी मिळावी तसं मिळालं. त्रिशलाने पाण्याच्या भांड्याकडे हात नेऊ पाहिला आणि तो हलला नाही, की ते म्हणत, "आधी खेळात, मग घरात." शेवटी शेवटी तर त्यांचाही त्यावर विश्वास बसू लागला. कुणास ठाऊक, सातानेही थोडं शिकत असेल मेंदू. थोडं तरी शिकत असेलच.

नव्वदाव्या दिवशी शेजारच्या सुवर्णाच्या लेकीचं लग्न ठरलं. त्रिशलाने स्वतःहून सुवर्णाला हाक मारली. "नवरीचा ब्लाउज मी बेतणार. दुसऱ्या कुणाला द्यायचा न्हाई." सुवर्णा जांभळं रेशमी कापड ठेवून गेली. त्रिशला ते मांडीवर घेऊन डाव्या हाताने कुरवाळत बसली होती. त्या दिवशी जयकुमार सांगणार होते. त्यांनी तोंडही उघडलं होतं.

"काय?" तिने विचारलं.

"काही न्हाई. रंग चांगला हाय."

एकशे एकाव्या दिवशी मिरजेला बोलावणं होतं. त्रिशला विसाव्या पायरीवर पोचली होती. ती नवी साडी नेसून निघाली. पदर लावून द्यायला सुवर्णा आली होती. केंद्रात डॉक्टरांनी तिला टेबलापाशी बसवलं, डोक्याची पट्टी नाही, मोजा नाही, आणि समोर एक लाकडी ठोकळा ठेवला.

"उचला मावशी."

हात टेबलावर पडला होता. त्रिशलाने ओठ आवळले. तिच्या मानेच्या शिरा ताणल्या, डावा खांदा वर आला, कपाळावर घाम आला. हाताचं एक बोट, करंगळी, कागद वाऱ्याने हलावा इतकी हलली आणि थांबली.

"थांबा हं डॉक्टर," त्रिशला घाईने म्हणाली. "एसीनं गार पडलाय जरा. घरी व्यवस्थित येतो. थांबा. आता करते."

तिने पाच वेळा केलं. पाचव्यांदा डॉक्टरांनी तिच्या हातावर आपला हात ठेवला आणि तो ठोकळा बाजूला घेतला. मग त्यांनी घरून आणायला सांगितलेला संगणक उघडला. कुठे बघायचं ते त्यांना ठाऊक होतं. त्या महिन्यात त्यांनी तसं बरेचदा बघितलं होतं.

"ही सेटिंगची फाइल कुणी बंद केलीय?"

जयकुमार बाजूला ठेवलेला ठोकळा सरळ करू लागले.

"काका, ही फाइल सव्विसाव्या दिवसापासून बंद आहे. मदत सातावर अडकवलेली आहे. कुणी केलं?"

त्रिशलाने मान वळवून नवऱ्याकडे बघितलं. तिला फाइल, सात, कुलूप यातलं काही समजलं नव्हतं. जयकुमारांचं तोंड बघून मात्र सगळं समजलं.

"मी," जयकुमार म्हणाले.

डॉक्टर चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. त्या खुर्चीत मागे टेकल्या. "तीनशेतल्या एकशे चार घरांत हेच झालंय. दर तिसऱ्या घरात. एकाही पेशंटने स्वतः आकडा बदललेला नाही, काका. सगळे घरचेच. कुणाचा मुलगा, कुणाची सून, कुणाची आई. आता कंपनी ती फाइल सीलबंद करणार आहे. पुढच्या लोकांना उपयोग होईल त्याचा."

"पण आता काही... मी खरी फाइल ठेवलीय. तेविसाव्या दिवसाची. तिथनं परत..."

"जाळी आवळली, काका."

परत येताना रिक्षा होती ती आपोआप चालणारी. पुढे चालकाची जागा रिकामी होती. सांगलीच्या वेशीपाशी त्रिशलाने समोर बघत विचारलं, "पहिले तेवीस दिवस खरे होते?"

"हो."

"तिसरी पायरी मी चढले होते. माझी मी."

"हो."

"म्हणजे येत होता," ती म्हणाली. "हात येत होता."

जयकुमारांच्या पेनड्राइव्हवरच्या फाइलींत ते लिहिलेलंच होतं. निरोपाचा जोर रोज थोडा, मुंगीच्या पावलाने, पण रोज वाढत होता. ज्या दिवशी अकरा घड हुकले त्या दिवशी तर सगळ्यात जास्त वाढला होता. त्यांनी तो आकडा तेव्हाच बघितला असता तर? पण ते घड मोजत बसले होते.

घरी आल्यावर त्यांनी विजया इंगोले यांना फोन लावला. कुणाच्या तरी अंगावर ओरडावं असं त्यांना झालं होतं. "बाई, तुमच्या मॉडनं माझ्या बायकोचा हात गेला," असं ते म्हणालेही.

विजयाबाई म्हणाल्या, "मले ठाव हाय, भाऊ. माह्या बाबांचे शंभर दिवस आधीच सरले. दीड महिना झाला. हात काही उठला नाही."

"दीड महिना? आणि तुम्ही गटावर एका शब्दानं बोलला न्हाई? मला सांगायचं तरी!"

"कसं सांगू, भाऊ? तुमी रोज लिहीत होते, आज वैनी हसल्या, आज वैनी बाराव्या पायरीवर गेल्या. तुमी किती खुश होते. माह्या जिवावर आलं."

जयकुमारांनी फोन ठेवला. दीड महिना म्हणजे पंचेचाळीस दिवस. तेव्हा कळलं असतं तर चव्वेचाळीस दिवस हातात होते. त्यांना त्या बाईचा संताप आला, आणि संतापाचं एक अक्षरही तोंडातून काढायची सोय नव्हती, कारण तिने त्यांच्याशी जे केलं तेच त्यांनी बायकोशी केलं होतं. सुवर्णाला हाक मारून त्यांनी जांभळं कापड परत दिलं. का, ते तिने विचारलं नाही.

दुसऱ्या दिवशी तीनच्या ठोक्याला त्रिशला खुर्चीत येऊन बसली.

"पट्टी बांधा."

"त्रिशला, आता काय उपयोग? डॉक्टर म्हणाल्या की..."

"बांधा म्हणते न्हवं? आणि ते तुमचं कुलूप-बिलूप काढा. फुंकर का काय ते पण काढा. मदत शून्य करा."

त्यांनी सगळं केलं. शून्यावर मोज्यातल्या मोटारी गप्प होतात आणि मोजा नुसता जड होतो. स्क्रीनवर द्राक्षबाग उघडली, मांडवावर घड आले. त्रिशलाने समोर नजर लावली आणि सगळा जीव उजव्या हातात ओतला. हात मांडीवरच राहिला. स्क्रीनवरची कात्री टोपलीच्या कडेला पडून होती. वेळ संपली, घड हुकला. दुसरा घड आला. तोही हुकला.

वीस मिनिटं झाल्यावर जयकुमार उठले. "तीनवर तरी ठेवू या. तेवढं सुख तरी..."

"बसा खाली."

ते बसले.

"रोज तीन ते पाच," त्रिशला म्हणाली. ती त्यांच्याकडे बघत नव्हती, मांडवाकडे बघत होती. "माझा हात गेला तो गेला. माझं हुकणं तुम्हाला बघवत नव्हतं, एवढंच होतं ना? आता ते बघायचं. रोज."

पुढचा घड आला आणि हुकला. जयकुमारांनी हळूच मान खिडकीकडे वळवली.

"इकडं," ती म्हणाली.